रोलर कोस्टर : उंचीची ठेव, वेगाचा खर्च

सुट्टीत भारतात गेलं की मुलांचा हट्ट ठरलेला : इमॅजिका! खोपोलीजवळ 2013 मध्ये सुरू झालेल्या या पार्कातला ‘नायट्रो’ सुमारे 40 मीटर उंच आहे. पहिला चढ संपला की गाडीला इंजिन लागतच नाही. मग ती पळते कशी?

साखळी गाडीला वर ओढते, तेव्हा बँकेत ठेव ठेवावी तशी ऊर्जा साठते. ही स्थितिज ऊर्जा. उतारावर तिचीच गतिज ऊर्जा होते. सूत्र सोपं आहे : वेगाचा वर्ग = 2 × 9.8 × उंची. 40 मीटर घातले की सेकंदाला 28 मीटर, म्हणजे ताशी सुमारे 100 किलोमीटर. सूत्रात वजन कुठेच नाही! घर्षण आणि हवा मात्र ठेव थोडी थोडी खातात, म्हणून पुढचे चढ बुटके होत जातात.

आता आपलं बहरीन. इथली सर्वांत उंच जागा जबल दुखान, सुमारे 134 मीटर. तिथून समुद्रसपाटीपर्यंत विनाघर्षण घसरलो तर वेग येईल ताशी 185. पण अबुधाबीचा ‘फॉर्म्युला रोसा’ (2010) ताशी 240 ने धावतो, उंची फक्त 52 मीटर! कारण तिथे ठेव उंचीची नाही. हायड्रॉलिक यंत्रणा गाडीला सुरुवातीलाच पुढे खेचते.

लूप गोल का नसतो?

पूर्ण गोल लूपमध्ये, माथ्यावर जेमतेम निभावेल एवढाच वेग असला तरी तळाशी अंगावर वजनाच्या सहापट भार येतो. 1895 मध्ये अमेरिकेत कोनी आयलंडला असा लूप होता. लोकांच्या माना दुखावत. 1976 मध्ये जर्मन इंजिनिअर वेर्नर श्टेंगल यांच्या आराखड्याने थेंबाच्या आकाराचा लूप आला : तळाशी वळण मोठं, माथ्यावर लहान. मान वाचली ती गणितामुळे.

करून पाहा

एसीच्या पाइपवरचा काळा फोम उभा कापा. दोन पन्हळी होतील. टेपने जोडून 20 सेंटिमीटर व्यासाचा लूप करा आणि गोटी सोडा. गणिताने 25 सेंटिमीटर उंची पुरते, प्रत्यक्षात जास्त लागते. तो फरक म्हणजे घर्षणात आणि गोटीच्या गरगरण्यात गेलेली ऊर्जा. उत्तर आधी सांगू नका, मुलांनाच मोजू द्या.

याला प्रयोगशाळा लागत नाही. सुट्टीत गावी जाताना फोमचा एक तुकडा आणि चार गोट्या बॅगेत टाका, आणि आपल्या जुन्या शाळेत एक तास मागून घ्या.