अपूर्णांकांचा भागाकार : शाब्दिक उदाहरणांची उकल

अपूर्णांकांच्या भागाकाराची रीत विद्यार्थ्यांना सहसा पाठ असते. भाजकाच्या अंश-छेदांची अदलाबदल करावी आणि गुणावे, एवढीच ती रीत. भास्कराचार्यांनी इ. स. ११५० मध्ये रचलेल्या 'लीलावती'त हीच सांगितली आहे. अडते ते निराळ्याच ठिकाणी. उदाहरण शब्दांत आले की भागावे की गुणावे हे उमगत नाही, आणि आलेल्या उत्तराचा अर्थ लावता येत नाही.

पावणेचार एकर जमिनीचे सव्वा एकराचे किती तुकडे पडतील? प्रथम दोन्ही संख्या अंशाधिक रूपात मांडाव्यात : १५/४ ÷ ५/४. पंधरा पाव एकरांतून पाच-पाच पाव काढावयाचे, म्हणून उत्तर ३. गुंठ्यांनीही ताळा पाहता येतो. एकराचे ४० गुंठे, तेव्हा १५० भागिले ५०. भाजक उलटा का करावयाचा, हेही येथेच दाखविता येते. ४० गुंठे हे ५० गुंठ्यांचे ४/५ होत, म्हणजे एका एकरात सव्वा एकराचा ४/५ तुकडा मावतो. मग पावणेचार एकरांत १५/४ × ४/५ म्हणजे ३ तुकडे मावतात. जुन्या पिढीने पाउणकी, सवायकी, दिडकी मुखोद्गत केलेली असे. तिला हे समजावून सांगण्याची गरज फारशी पडत नसावी.

दुसऱ्या प्रकारात भागाचे मान दिलेले असते आणि पूर्णाचे काढावयाचे असते. गावच्या पाण्याच्या टाकीचा ३/४ भाग साडेचार तासांत भरतो, तर रिकामी टाकी पूर्ण भरण्यास किती वेळ लागेल? येथे अनेक मुले गुणाकार करून ३ ३/८ तास असे उत्तर देतात. पाऊण टाकीपेक्षा पूर्ण टाकी लवकर कशी भरेल, एवढेच शिक्षकांनी विचारावे. ९/२ ÷ ३/४ = ९/२ × ४/३ = ६ तास. एकाहून लहान संख्येने भागले असता उत्तर वाढते, हे मुलांना चमत्कारिक वाटते; टाकीच्या उदाहरणाने ते पटते.

मात्र खरी चूक होते ती उरलेल्या भागाची. शालेय पोषण आहारात प्राथमिक वर्गांतील मुलामागे दररोज १०० ग्रॅम धान्याचे प्रमाण आहे. पंचवीस मुलांस दररोज अडीच किलो तांदूळ लागेल. साठा ३२ किलो असल्यास तो किती दिवस पुरेल? ३२ ÷ ५/२ = ६४/५ = १२ ४/५. बारा दिवस झाल्यावर शिल्लक किती, असे विचारता पुष्कळ जण ४/५ किलो, म्हणजे ८०० ग्रॅम, असे सांगतात. वस्तुतः हा ४/५ भाग किलोचा नव्हे, एका दिवसाच्या धान्याचा आहे. अडीच किलोचे ४/५ म्हणजे २ किलो. बारा दिवसांस ३० किलो लागतात, हे पाहिले तरी तेच दिसते. नोंदवहीत ८०० ग्रॅम लिहिले गेले, तर १,२०० ग्रॅम, म्हणजे बारा मुलांच्या वाट्याचे धान्य, हिशेबातून नाहीसे होते आणि तपासणीच्या वेळी दोष मात्र मापाड्याला दिला जातो.

उलट चूकही घडते. १२ ४/५ चे 'सुमारे तेरा' करून पुढील धान्य चौदाव्या दिवसाच्या बेताने मागविले जाते. तेराव्या दिवशी दोन किलो तांदूळ वीस मुलांना पुरतो. पाच पाने रिकामी राहतात. म्हणून अशा उदाहरणात पूर्णांक तेवढा दिवसांचा धरावा, आणि नवीन पोती तेराव्या दिवशी चूल पेटण्यापूर्वी शाळेत पोचतील अशी मागणी करावी.