रिबकेला विचारले, वासवदत्तेला कोणी विचारले?

वाचनभाग : उत्पत्ति २४:५०-६१

अवंतीच्या गावोगावचे वृद्ध उदयनाची कथा जाणतात, असे कालिदासाने मेघदूतात म्हटले आहे. ती कथा आमच्या उज्जैनच्याच एका मुलीची आहे. राजा प्रद्योताने वत्सराज उदयनाला कैद केले व आपली कन्या वासवदत्ता हिला वीणा शिकवण्यास लावले. दोघांचे मन जुळले आणि ती त्याच्याबरोबर निघून गेली. भासाच्या ‘स्वप्नवासवदत्त’ नाटकात पुढे तिची आई उदयनाला निरोप पाठवते : तुम्ही आम्हांला पहिल्यापासूनच जावई म्हणून पसंत होता, वीणेचे केवळ निमित्त होते, तुम्ही विधी न करताच गेलात, म्हणून आम्ही दोघांची चित्रे काढवून त्यांचे लग्न लावले. आईबापांच्या मनात सारे होते, पण बोलणे झाले नाही. लग्न लागले ते चित्रांचे!

आता रिबकेकडे पाहू. लाबान व बथुवेल यांनी आधी होकार देऊन टाकला, दागिनेही आले. दुसऱ्या दिवशी तिला बोलावून विचारले, तेही लगेच निघण्याविषयी. तेव्हा शिक्षकांनी या वचनातून नसलेला अर्थ काढू नये. तरीपण भरल्या घरात तिला प्रश्न विचारला गेला व तिचे उत्तर मानले गेले, हे थोडे नव्हे.

उज्जैनच्या मराठी ख्रिस्ती घरांत आज मुली नोकरीसाठी इंदूर-पुण्याला जातात. ओळखी कॉलेजात होतात, मोबाईलवर वाढतात. घरी मात्र “शिक्षण झाले, आता स्थळ पाहू” एवढेच बोलणे. मंडळी लहान, सोयरिकी थोड्या, आणि मुलगी कोणाबरोबर फ्रीगंजात चहा प्याली ही बातमी रविवारच्या आत सर्वांना ठाऊक! या भीतीने ती लपवते. लपवलेल्या ओळखीत कोणी लग्नाचे वचन देऊन जवळीक मागितली, फोटो मागितले, तर नकार देताना तिच्या पाठीशी कोण असते? आम्हांला वाटते, खरा धोका चहात नाही, या एकटेपणात आहे.

शरीराचे पावित्र्य शिकवावेच. पण ते फक्त मुलींच्या वर्गात शिकवले तर पाठ अर्धाच राहतो. “नाही” म्हटले की थांबावे, हे मुलांनाही सांगावे.

मुलगा दुसऱ्या धर्माचा असेल तर आईबापांनी रडारडीआधी कायदा समजून घ्यावा. १९५४ च्या विशेष विवाह कायद्याखाली धर्म न बदलता लग्न होते. मुलगी १८ व मुलगा २१ वर्षांचा पाहिजे, व ३० दिवस आधी नोटीस द्यावी लागते. ते तीस दिवस घरात बोलायलाही पुरतात.

वर्गात हा भाग वाचून झाल्यावर मुलींना विचारावे : रिबका “नाही” म्हणाली असती, तर घरच्यांनी काय केले असते? उत्तरे लिहून घ्यावीत, आणि पुढच्या पालकसभेत नावे न सांगता वाचून दाखवावीत.