केएलएफ : उचलेगिरीपासून नोटांच्या होळीपर्यंत

फर्स्ट इयरला ड्रॉइंग शीटची जीटी आपण सगळ्यांनीच मारली आहे. काचेखाली बल्ब, काचेवर दुसऱ्याची शीट, तिच्यावर आपली. सकाळी सबमिशन, विषय संपला! हे आठवलं ते केएलएफ या ब्रिटिश ग्रुपमुळे. या दोघांचीही सुरुवात जीटीनेच झाली, पण पुढची गोष्ट फार वेगळी आहे.

बिल ड्रमंड लिव्हरपूलमध्ये बँड्सची मॅनेजरगिरी करायचा, जिमी कॉटी चित्रकार आणि गिटारिस्ट. १९८७ साली दोघांनी लंडनमध्ये 'जस्टिफाइड एन्शंट्स ऑफ मू मू' हा ग्रुप काढला. सामान काय? ॲपल टू कॉम्प्युटर, सॅम्पलर कार्ड आणि एक ड्रम मशीन.

सॅम्पलर म्हणजे आपल्याच सिलॅबसमधला सॅम्पलिंग थिअरम. आवाजाची उंची सेकंदाला हजारो वेळा मोजायची, आकडे मेमरीत ठेवायचे आणि हवे तेव्हा वाजवायचे. सीडीसाठी सेकंदाला ४४,१०० वेळा, १६ बिटमध्ये मोजतात. म्हणजे एका चॅनलच्या एका सेकंदाला ८८,२०० बाइट्स लागतात. ६४ किलोबाइटच्या मशीनमध्ये एक सेकंदही मावत नाही! मग बिट कमी करा, सॅम्पलिंग रेट कमी करा. आवाज खरखरीत होतो, पण काम भागतं.

याच पद्धतीने त्यांनी ॲबा या स्वीडिश ग्रुपच्या 'डान्सिंग क्वीन'चे मोठमोठे तुकडे न विचारता आपल्या पहिल्या अल्बममध्ये टाकले. तक्रार झाली आणि सगळ्या प्रती नष्ट करण्याचा आदेश आला. दोघे गाडी घेऊन थेट स्वीडनला गेले, ॲबाला समजवायला. भेट झालीच नाही. काही प्रती शेतात जाळल्या, उरलेल्या परतीच्या बोटीवरून नॉर्थ सीमध्ये फेकल्या.

मला सगळ्यात आवडलेला भाग याच्या पुढचा. त्यांनी अल्बमची नवी आवृत्ती काढली. तिच्यातून उचललेले तुकडे काढून टाकले, त्या जागी शांतता ठेवली, आणि मूळ गाणं घरच्या घरी कसं बनवायचं याच्या सूचना छापल्या. कोणती रेकॉर्ड कधी लावायची, हे सगळं त्यात होतं. जीटी मारणाऱ्याने शीटवरच लिहावं की रेघ कुठून घेतली, तसंच!

१९८८ साली 'टाइमलॉर्ड्स' या नावाने त्यांनी 'डॉक्टर हू' या टीव्ही मालिकेच्या ट्यूनवर एक गाणं केलं. ते ब्रिटनमध्ये नंबर वन झालं. गायक म्हणून पुढे केली एक जुनी अमेरिकन पोलीस कार! लगेच त्यांनी नंबर वन गाणं कसं करावं याचं पुस्तकही काढलं. एवढी मेहनत करून काढलेल्या नोट्स कोणी फुकट वाटतं का?

मग केएलएफ हे नाव गाजलं. १९९० चा 'चिल आउट' हा रात्रीच्या प्रवासासारखा शांत अल्बम. १९९१ मध्ये 'थ्री ए.एम. इटर्नल' नंबर वन. वर्षअखेरीस अमेरिकन कंट्री गायिका टॅमी वायनेट त्यांच्यासाठी गायली. कंपनी त्यांची स्वतःचीच होती, त्यामुळे निर्णयही त्यांचेच.

निर्णयही कसले! फेब्रुवारी १९९२, ब्रिट अवॉर्ड्स. स्टेजवर एक्स्ट्रीम नॉइज टेरर हा कर्कश बँड सोबत घेतला आणि ड्रमंडने मशीनगनमधून प्रेक्षकांवर खोट्या गोळ्या झाडल्या. मे महिन्यात त्यांनी संगीत सोडलं आणि ब्रिटनमध्ये आपल्या सगळ्या रेकॉर्ड्सची विक्री बंद केली. ऐन कमाईच्या काळात!

२३ ऑगस्ट १९९४ ला स्कॉटलंडच्या जुरा बेटावर दोघांनी दहा लाख पौंड जाळले. पन्नास-पन्नासच्या नोटा, स्वतः कमावलेल्या. फिल्मही काढली, गावोगाव दाखवली आणि लोकांनाच विचारलं, 'आम्ही हे का केलं असेल?'

हा किस्सा मी मेसमध्ये सांगितला तेव्हा आमच्या मजल्यावरचा एक मित्र ताट सोडून उठला. त्याच्या वडिलांनी शेत गहाण ठेवून फी भरली आहे. 'हे आर्ट नाही, माज आहे,' एवढंच म्हणाला. माझ्याकडे उत्तर नव्हतं, आजही नाही. पुढे ड्रमंडनेही पश्चात्ताप बोलून दाखवला.

२०१७ मध्ये, बरोबर २३ वर्षांनी, दोघे लिव्हरपूलला पुन्हा एकत्र आले, तेही गाणी घेऊन नाही तर कादंबरी घेऊन! १ जानेवारी २०२१ पासून त्यांची काही जुनी गाणी इंटरनेटवर पुन्हा ऐकता येऊ लागली.

नोटांच्या होळीबाबत मी माझ्या मित्राच्या बाजूने आहे. पण सूचना छापलेली ती रेकॉर्ड डोक्यातून जात नाही. त्यांनी उचललं ते उघडपणे, आणि उचलून काहीतरी नवीन बांधलं. आपण जीटी मारतो तेव्हा फक्त नाव आपलं असतं. या सेमची शेवटची शीट मी स्वतः काढली. दोन रेघा चुकल्या, मार्क कमी पडले. पण चुका तरी माझ्या आहेत!