चित्रमालेचा संग्रह व तिचें वाचन

पुस्तक विकत घेतलें म्हणजे संग्रह झाला, अशी आपली समजूत असते. परंतु जी चित्रकथा कागदावर न छापतां केवळ इंटरनेटवर प्रसिद्ध होते, तिचा संग्रह कसा करावा? या प्रश्नाचा विचार ‘एक्सकेसीडी’ या अमेरिकन चित्रमालेच्या आधारें करूं. या नांवाला कांहीं अर्थ नाहीं, तीं नुसतीं चार रोमन अक्षरें आहेत. तेव्हां वाचकांनीं कोशांत शोधण्याचे श्रम घेऊं नयेत.

तिचे कर्ते रँडल मन्रो हे पदार्थविज्ञानाचे पदवीधर असून ‘नासा’ संस्थेच्या लँग्ली येथील संशोधनकेंद्रांत कांहीं काळ काम करीत असत. आपल्या वह्यांतील रेखाटनें त्यांनीं २००५ सालीं इंटरनेटवर ठेविलीं, आणि त्यांतून ही माला निघाली. माणसें काढावयाचीं तीं नुसत्या काड्यांचीं, नाकडोळ्यांवांचून. विषय मात्र गणित, भौतिकशास्त्र, संगणक व प्रेम! कर्त्याचें नांव देऊन व विक्रीचा हेतु न ठेवितां कोणीही प्रत करून घ्यावी, अशी त्यांनीं मोकळीक दिली आहे.

मीही एकदां उत्साहानें शेंकडों चित्रें उतरवून ठेविलीं. पुढें वाचावयास बसलों तेव्हां चूक ध्यानांत आली. मूळ ठिकाणीं चित्रावर माउसचा बाण नेऊन ठेविला असतां एक वाक्य उमटतें. पुष्कळदां खरी कोपरखळी त्यांतच असते. माझ्या संग्रहांत तें वाक्य एकाही चित्राबरोबर आलें नव्हतें. जुनीं मासिकें बांधतांना मुखपृष्ठें फाडून टाकावीं, तसाच हा प्रकार झाला. म्हणून चित्राचा क्रमांक, मथळा व तें वाक्य हीं एकत्र टिपून ठेवावीं. ४०४ वा क्रमांक सांपडला नाहीं तर घाबरूं नये. पान न सांपडल्यास संगणक हाच आंकडा दाखवितो, म्हणून कर्त्यानें थट्टेनें ती जागा रिकामी ठेविली आहे.

खरी कसोटी ‘टाइम’ या ११९० व्या चित्राची. २५ मार्च २०१३ रोजीं समुद्रकांठीं बसलेलीं दोन माणसें दिसलीं. अर्ध्या तासानें चित्र बदललें, पुन्हां बदललें. पुढें तासाला एक याप्रमाणें हा क्रम २६ जुलैपर्यंत चालला, व एकंदर ३,०९९ चित्रें झालीं! नवें आलें कीं जुनें पृष्ठावरून नाहींसें होई. रात्रभर झोंपणाऱ्याचीं सात-आठ चित्रें सहज हुकत. तेव्हां वाचकांनींच तीं जमवून क्रमानें लावून ठेविलीं. आज ती कथा सलग वाचतां येते, यांत या खटाटोपाचा वांटा मोठा आहे.

कथा अशी : दोघें वाळूचा किल्ला बांधतात, समुद्र वर चढूं लागतो, आणि त्याचें कारण शोधावयास तीं निघतात. वाटेंत भेटणाऱ्या लोकांची भाषा त्यांना कळत नाहीं. ती लिपि आपणांसही वाचतां येत नाहीं, त्यामुळें त्यांचा गोंधळ आपलाच होतो. रात्रीच्या चित्रांतील ताऱ्यांच्या जागा पाहून वाचकांनीं ताडलें कीं हा काळ हजारों वर्षांनंतरचा आहे. पुढें कर्त्यानेंही तो सुमारें ११,००० वर्षांनंतरचा असल्याचें सांगितलें. स्थळ म्हणजे कोरडा पडलेला भूमध्य समुद्र, आणि पाणी तेथें परत येत असतें. २०१४ सालीं या कथेस ह्यूगो पारितोषिक मिळालें.

सर्व चित्रें भराभर फिरविलीं तर कथा घटकाभरांत संपते. माझ्या मतें किल्ल्याचा भाग तरी सावकाश पाहावा. पाणी बोटबोट वर येतें, तें घाईनें पाहणाऱ्याच्या ध्यानांतच येत नाहीं.