रिकामी दिसणारी लेन

बीआरटीच्या लेनमध्ये गाडी घातली तर दंड किती? हा प्रश्न मला सोसायटीत विचारला जातो, लग्नकार्यात विचारला जातो, एकदा तर दवाखान्याच्या रांगेत शेजारच्या गृहस्थांनी विचारला. पुण्यात मी बरीच वर्षं बस चालवली. शेवटची वर्षं संगमवाडी-विश्रांतवाडी आणि सांगवी-किवळे या मार्गांवर गेली, त्यामुळे आकडा मला पाठ असणार असं लोक धरून चालतात. पाठ आहे, आणि पुढे सांगतोही. पण त्याआधी एक गोष्ट सांगायला हवी. त्या लेनमध्ये बसशिवाय काही येणार नाही, हे तिथल्या प्रत्येकानं गृहीत धरलेलं असतं. ड्रायव्हरनं, रस्ता ओलांडणाऱ्या बाईनं, चौकात उजवीकडे वळणाऱ्या रिक्षावाल्यानं. तुम्ही आत शिरता तेव्हा यांच्यापैकी कुणाच्याच हिशेबात तुम्ही नसता. सगळा धोका इथून सुरू होतो.

आधी रस्ता समजून घ्या. कात्रज-स्वारगेट-हडपसर हा आपल्याकडचा पहिला बीआरटी मार्ग, २००६ च्या डिसेंबरात सुरू झाला. २०१५ पासून ‘रेनबो’ नावानं आळंदी रस्ता, औंध-रावेत, नाशिक फाटा-वाकड असे मार्ग आले, २०१८ मध्ये दापोडी-निगडी. बहुतेक ठिकाणी बसची लेन रस्त्याच्या मधोमध आणि बाकीची वाहनं तिच्या डावीकडे. स्थानक उजव्या हाताला, म्हणून या बसना उजवीकडेही दारं. फलाट बसच्या फरशीइतका, म्हणजे जमिनीपासून जवळपास तीन फूट उंच. म्हातारी माणसं, पोटुशा बाया, कुबड्या घेतलेले लोक पायरी न चढता सरळ आत येतात. ही सोय मी रोज डोळ्यांनी पाहिली आहे आणि तिची किंमत मला ठाऊक आहे.

पण त्यासाठी बस फलाटाला अगदी लागून उभी करावी लागते. मध्ये चार बोटांचं अंतर राहिलं तर ठीक, जास्त राहिलं तर कुणाचा तरी पाय अडकतो. बस फलाटाला लावताना ड्रायव्हरची नजर उजव्या आरशात असते. बस जास्तीत जास्त २.६ मीटर रुंद आणि लेन साधारण साडेतीन मीटरची. बस उजवीकडे टेकली की डावीकडे हातभर जागा उरते, आणि मागून आलेला मोटरसायकलवाला नेमका त्या जागेतून पुढे काढतो. त्या क्षणी मी त्याला पाहत नसतो. बस निघताना तोंड डावीकडे वळतं तेव्हा त्याच्या एका बाजूला सोळा टनांची बस आणि दुसऱ्या बाजूला दुभाजक असतो. काही पोरं उजवीकडून, फलाट आणि बस यांच्यामधून काढायला बघतात. त्यांना थांबवायला फलाटावरची माणसं ओरडायची. तो ओरडा ऐकून मी कित्येकदा स्टिअरिंग धरून थिजलो आहे.

आणि चौक. बाकीची वाहनं बसलेनच्या डावीकडे असल्यामुळे ज्याला उजवीकडे वळायचं असतं, तो आमच्या लेनला आडवा जातो. त्याचा सिग्नल वेगळा, आमचा वेगळा. वळणारा माणूस बस उभी आहे ना एवढंच पाहतो. बसच्या आडून सुसाट आलेली मोटरसायकल त्याला दिसत नाही, आणि मोटरसायकलवाल्यालाही तो दिसत नाही.

एक प्रसंग सांगतो. आळंदी रस्त्यावर संध्याकाळची गर्दीची फेरी होती, उभे प्रवासी भरपूर. समोरून, आमच्याच लेनमधून उलट्या दिशेनं एक मुलगा गाडीवर आला, मागे मित्र बसलेला. पुढचा यू-टर्न लांब पडतो म्हणून हा आडमार्ग. चाळीसच्या वेगानं चालणारी बस एका सेकंदात अकरा मीटर पुढे जाते. माणसाला दिसेपर्यंत, पाय ब्रेकवर जाईपर्यंत आणि हवेचा ब्रेक धरेपर्यंत बस तेवढी तरी गेलेलीच असते. मी ब्रेक दाबला. मुलगा दुभाजकाच्या फटीतून बाहेर निसटला आणि गर्दीत नाहीसा झाला. त्याला खरचटलंही नाही.

बसमध्ये एक साठीच्या बाई एका हातात पिशवी आणि एका हातात दांडा धरून उभ्या होत्या. त्या पुढच्या सीटच्या लोखंडी दांड्यावर आपटल्या. उजवं मनगट मोडलं. कंडक्टरनं आणि मी त्यांना खाली उतरवलं, दवाखान्यात नेलं. मग जबाब, पंचनामा, वेग किती होता, ब्रेक एवढ्या जोरात का मारला, अशी सगळी चौकशी झाली. मुलाच्या गाडीचा नंबर कुणीच टिपलेला नव्हता. त्या बाई घरोघरी पोळ्या करायच्या. मनगट बांधलेलं असताना कामं सुटली, आणि प्लास्टर निघाल्यावरही पूर्वीसारखं लाटता येईना म्हणून त्यातली दोन परत मिळालीच नाहीत. मी भेटायला गेलो तेव्हा त्यांनी मला चहा करून दिला, डाव्या हातानं. त्या मुलाला हे कधीच कळणार नाही. तो त्या संध्याकाळी पाच मिनिटं लवकर घरी पोचला असेल.

म्हणून दंड किती असं कुणी विचारलं की मला आधी हे सांगावंसं वाटतं.

आता दंड. मोटार वाहन कायद्याचं कलम ११९ सांगतं की वाहतुकीच्या फलकांचं पालन चालकानं केलंच पाहिजे. ‘फक्त बससाठी’ हाही तसाच फलक. तो मोडला की साधारणपणे कलम १७७ लागतं. २०१९ ची दुरुस्ती महाराष्ट्रात डिसेंबर २०२१ मध्ये लागू झाली, तेव्हापासून पहिल्या वेळी ५०० रुपये आणि पुन्हा तेच केलं तर १५००. ऐकणारा इथे बहुधा निश्चिंत होतो. पाचशे ना, भरू. पण लेनमध्ये शिरलेला माणूस क्वचितच एवढ्यावर थांबतो. उलट दिशेनं आला तर कलम १८४, धोकादायक ड्रायव्हिंग. पहिल्याच गुन्ह्याला १००० ते ५००० रुपये दंड किंवा सहा महिने ते एक वर्ष कैद किंवा दोन्ही. लेनमधला सिग्नल तोडला किंवा हातात मोबाइल धरून चालवलं, तरी हेच कलम. रुग्णवाहिका आणि अग्निशमन गाड्या निकडीच्या वेळी बसलेननं येतात. तुम्ही त्यांच्या पुढे अडकून वाट दिली नाही, तर कलम १९४-ई, १०,००० रुपये दंड किंवा सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन्ही. गाडीचा विमा संपलेला निघाला तर २००० वेगळे.

आईवडिलांसाठी एक कलम ठळक करून सांगतो. गाडी चालवणारं मूल अठराच्या आतलं असेल, तर कलम १९९-ए प्रमाणे पालक किंवा गाडीचा मालक दोषी धरला जातो. २५,००० रुपये दंड, तीन वर्षांपर्यंत कैद, गाडीची नोंदणी बारा महिन्यांसाठी रद्द, आणि त्या मुलाला पंचविसाव्या वर्षापर्यंत परवाना नाही. क्लासला जायला उशीर होतोय म्हणून दहावीतल्या पोराच्या हातात किल्ली देणारे पालक मी रोज बसच्या काचेतून पाहायचो.

अपघात झालाच तर गोष्ट पाचशेच्या पार पलीकडे जाते. तुमच्यामुळे कुणी मेलं तर भारतीय न्याय संहितेच्या कलम १०६ खाली निष्काळजीपणानं मृत्यू घडवल्याबद्दल पाच वर्षांपर्यंत शिक्षा आहे. जुन्या संहितेत ती दोन वर्षं होती. आणि तुम्हालाच लागलं तर? लोक समजतात, बस मोठी म्हणजे भरपाई बसवाल्यानंच द्यायची. मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात असं चालत नाही. अपघातात तुमचा स्वतःचा दोष किती, हे तिथे पाहतात आणि भरपाईतून तेवढा हिस्सा कापतात. बसच्या लेनमध्ये, बसच्या वेळी, बसच्या पुढ्यात तुम्ही काय करत होतात, याचं उत्तर वकिलालाही जड जातं. दोष पूर्ण तुमचाच ठरला तर हाती राहतं ते मालक-चालकाचं १५ लाखांचं वैयक्तिक अपघात विमा संरक्षण. तेही मृत्यू किंवा कायमच्या अपंगत्वासाठी, आणि परवाना वैध असेल तर.

चलन आता बहुतेक मोबाइलवर येतं, कॅमेऱ्यानं किंवा पोलिसानं काढलेल्या फोटोसह. ते चालकाच्या नाही, गाडी ज्याच्या नावावर आहे त्याच्या नावावर निघतं. भाच्याला गाडी दिली, त्यानं बीआरटीत घातली, चलन मामाला. पोलिसांनी विचारलं तर त्या वेळी गाडी कोण चालवत होतं हे सांगणं कलम १३३ प्रमाणे मालकावर बंधनकारक आहे. म्हणून गाडी कुणाला आणि कोणत्या तारखेला दिली, हे कुठेतरी लिहून ठेवलेलं बरं. गाडी विकली असेल तर आरटीओत नाव बदललं का, ते स्वतः तपासा. एजंट करेल म्हणून सोडून देऊ नका. विकणाऱ्यानं चौदा दिवसांत कळवायचं असतं. आमच्या सोसायटीत एकांना विकलेल्या स्कूटरची चलनं वर्षभर येत राहिली.

चलन चुकीचं वाटलं तर आधी फोटो उघडून नीट पाहा. नंबर तुमचाच आहे का, गाडीचा रंग आणि मॉडेल जुळतं का, वेळ आणि जागा कोणती. नंबरप्लेट नकली लावल्याची प्रकरणं असतात. राज्य पोलिसांच्या महाट्रॅफिक अ‍ॅपवर तक्रार करता येते. तक्रारीसोबत गाडीचे आणि शक्य असेल तर त्या वेळी तुम्ही दुसरीकडे असल्याचे पुरावे जोडा. चलन थकलेलं असेल तर लोकअदालतीत तडजोड होते. आणि एक सावधगिरी अगदी घरातल्या म्हाताऱ्यांनाही सांगून ठेवा. ‘तुमचं चलन थकलं आहे’ म्हणून व्हॉट्सअ‍ॅपवर फाइल आली तर ती उघडायची नाही. असली फाइल मोबाइलमध्ये बसवून बँकेतले पैसे काढले जातात. चलन पाहायचं ते सरकारी अ‍ॅपवर किंवा ज्याच्या पत्त्याच्या शेवटी ‘डॉट गव्ह डॉट इन’ आहे अशा संकेतस्थळावर, तेही पत्ता आपल्या हातानं टाकून.

आता नेहमीची तक्रार. आम्ही कोंडीत उभे आणि शेजारची लेन रिकामी, हा कुठला न्याय? मी हे चिडलेल्या लोकांच्या तोंडून काच खाली करून ऐकलं आहे आणि त्यांची चीड मला समजते. पण हिशेब करून पाहा. दर दोन मिनिटांनी एक बस म्हणजे तासाला तीस. एकेका बसमध्ये पन्नास माणसं धरली तरी दीड हजार. दोन बसच्या मधल्या दोन मिनिटांत लेन रिकामीच दिसणार. ती रिकामी आहे म्हणून पुढची बस वेळेवर येते. एका गाडीनं आत शिरून चौकात लेन अडवली की मागच्या तीन बस एकामागोमाग अडकतात, मग पुढच्या स्थानकावर बराच वेळ बस नाही आणि नंतर तीन एकदम. शेवटी लोक म्हणतात बीआरटी बेकार आहे, आणि पुन्हा दुचाकी घेतात. नगर रस्त्यावरच्या बीआरटीचा काही भाग काढूनच टाकला गेला. त्याला कारणं अनेक होती, पण तो उखडताना पाहून मला फार वाईट वाटलं.

दोष सगळा चालकांचा नाही, हेही प्रामाणिकपणे सांगायला हवं. काही ठिकाणी लेन सुरू कुठे होते आणि संपते कुठे, हेच कळत नाही. रंग उडालेला, फलक झाडाच्या फांदीआड, वॉर्डन जेवायला गेलेला. रात्री, पावसात, परगावचा माणूस सहज आत जातो. तुम्ही असे चुकून शिरलात तर घाबरून तिथेच वळायचं नाही, रिव्हर्स तर मुळीच घ्यायचं नाही. मागून बस येत असेल तर तिच्या ड्रायव्हरला तुमची दिशा कळली पाहिजे. हेडलाइट लावा, एकसारख्या वेगानं सरळ चालत राहा, स्थानकाजवळ माणसं अचानक लेनमध्ये उतरतात, म्हणून तिथे वेग कमी करा, पण कारण नसताना थांबू नका. पुढचा चौक आला की सिग्नल पाळून डावा इंडिकेटर देऊन बाहेर पडा. मागून बसनं हॉर्न दिला तर तो शिवी समजू नका, आम्ही मागे आहोत एवढंच सांगत असतो. आणि लेन बंद पडलेल्या बसमुळे अडली असेल किंवा पोलिसानं हातानं खूण करून आत बोलावलं असेल, तर पोलिसाची खूण माना आणि तो सांगेल तिथेच बाहेर या.

पायी चालणाऱ्यांनी स्थानकात जाताना झेब्रा आणि सिग्नल सोडू नये. धावत रस्ता ओलांडणाऱ्याला वाटतं, आवाज आला असता की. २०१९ पासून पुण्यात विजेवरच्या बस आहेत. त्यांचा आवाज जेमतेम येतो, तेव्हा कानावर भरवसा ठेवू नका. आधी बसच्या बाजूला पाहा, मग उलट्या बाजूलाही पाहा. तिकडून कुणी यायला नको असतं, पण येतात. लहान मूल बरोबर असेल तर त्याचं बोट नाही, मनगट धरा.