मधली दोन स्टेशनं

कासूला गाडीत बसलं की नागोठणे, निडी आणि मग रोहा. मध्ये दोनच स्टेशनं. माझं माहेर कासूचं आणि सासर रोह्याचं, त्यामुळे लग्नानंतर या गाडीने मी इतक्यांदा आले-गेले की डोळे मिटूनही कुठलं स्टेशन आलं ते सांगेन. पण 2022 च्या शिमग्यानंतर कासूला आले ती रोह्याला परत नांदायला जायला मला 14 महिने लागले.

भांडण पैशावरून झालं. आमचे हे धाटावच्या एमआयडीसीत कामाला. एका मित्राच्या कर्जाला ते जामीन राहिले होते आणि मला त्यातलं अक्षरही ठाऊक नव्हतं. मित्राने हप्ते थकवले. वसुलीची नोटीस पोस्टमनने माझ्याच हातात दिली. कर्जाचं एवढं वाटलं नाही, पण मला सांगितलं नाही हे फार लागलं. मग मीही तोंड सोडलं, तेही सासऱ्यांसमोर. त्यातलं एक वाक्य आजही आठवलं की जीव खाली जातो. आठवडाभर घरात भांड्यांचाच काय तो आवाज. शेवटी हे म्हणाले, "तू थोडे दिवस कासूला जाऊन राहा. दोघांची डोकी शांत होऊ देत."

मी बॅग भरली आणि सात वर्षांच्या मुलाला घेऊन निघाले. किती दिवस, ते त्यांनी सांगितलं नाही. मीही विचारलं नाही.

पहिले पंधरा दिवस खरंच बरे गेले, हे लपवत नाही. कित्येक महिन्यांनी सलग झोप लागली. राग निवला. नोटिशीतले आकडे शांतपणे पाहिल्यावर कळलं की या माणसाने लबाडी केली नव्हती, त्याला माझी भीती वाटली होती. वेगळं राहण्याचा उपयोग असतो तो एवढा. त्याच आठवड्यात आम्ही समोरासमोर बसलो असतो तर पुढचं काही घडलंच नसतं. पण बसायचं कधी, हे ठरलेलं नव्हतं. मी त्यांच्या फोनची वाट पाहत राहिले, ते माझ्या.

अशी रिकामी जागा फार दिवस रिकामी राहत नाही. दादा म्हणाला, "तू पहिला फोन करू नकोस, तुझी किंमत जाईल." तिकडे सासूबाई त्यांना म्हणाल्या, "जिला यायचं असेल ती आपल्या पायाने येईल." दोघांनीही मायेपोटीच सांगितलं आणि आम्ही दोघांनीही ऐकलं. मग निरोप दादा आणि सासूबाई यांच्यामार्फत जायला लागले. मी "मुलाला ताप आहे" म्हणावं, तर पलीकडे ते "ताप आलाय तरी तुम्हाला काळजी नाही" असं पोचावं.

शहरातले समुपदेशक 'काही काळ वेगळं राहून बघा' म्हणतात. आमच्याकडे त्याला वेगळा शब्द नाही. लेक आधी 'माहेरपणाला आलेली' असते, आणि एके दिवशी ती 'माहेरी बसलेली' होते. कोणी जाहीर करत नाही. माझ्या बाबतीत हा बदल दीड महिन्यात झाला. पाण्यावर गेले असता शेजारची काकी सहज म्हणाली, "बसलीस ना गो इकडंच?" त्या दिवसापासून मी स्टेशनकडच्या वाटेने जाणं टाळू लागले.

सगळ्यात मोठी चूक जूनमध्ये केली. शाळा सुरू होणार होती. घरच्यांनी सुचवलं, पोराचं वर्ष कशाला वाया घालवायचं, तात्पुरतं इथल्या शाळेत घाल. मी रोह्याला जाऊन दाखला काढून आणला आणि यांना नंतर कळवलं. माझ्या मते ती सोय होती. त्यांच्या मते तो निकाल होता. ते मला पुढे म्हणाले, "जामिनाचं मी तुला विचारलं नाही, दाखल्याचं तू मला विचारलं नाहीस." यावर माझ्याकडे उत्तर नव्हतं. म्हणून कोणी वेगळं राहायला निघालं की मी हात जोडून सांगते: त्या काळात परत फिरवता येणार नाही असं काही करू नका. मुलाची शाळा बदलू नका, रेशनकार्डावरचं नाव हलवू नका, दागिने मोडू नका, सामान वाटू नका.

दाखला काढायला गेले तेव्हा कपडे घ्यायला घरीही डोकावले. माझ्या साड्या कपाटात नव्हत्या, खालच्या पेटीत होत्या. मला उचलून बाहेर ठेवल्यासारखं झालं. काही न बोलता परतले. खूप नंतर कळलं की पावसाच्या तोंडावर ओल धरेल म्हणून त्यांनी त्या कडुनिंबाचा पाला घालून पेटीत ठेवल्या होत्या. दूर राहिलं की अशा खुणांचे अर्थ आपण एकट्याने लावतो, आणि एकट्याने लावलेला अर्थ बहुधा वाईटच निघतो.

गणपती आले. पेण-हमरापूरच्या मूर्ती टेम्पोंतून जाताना पाहून मुलगा विचारायचा, आपला गणपती कोण आणणार? तिकडे त्यांनी आणला, इकडे दादाने. पोराने दोन्हीकडे आरती केली आणि दोन्हीकडे पाहुण्यासारखा बसला. सात वर्षांच्या जिवाला आम्ही "बाबांना काम आहे" एवढंच सांगितलं होतं. त्याने आपल्या मनाने अर्थ लावला की गणितात कमी गुण पडले म्हणून बाबा रागावलेत. हे मला जानेवारीत कळलं. पोपटीच्या रात्री मडकं निखाऱ्यावर होतं, भांबुर्डीचा वास सुटला होता, वालाच्या शेंगा निवडता निवडता तो म्हणाला, "आता मला पाढे येतात, आता जाऊया?"

दुसऱ्या दिवशी मी पेणला कोर्टाजवळच्या एका वकीलबाईंकडे गेले. घटस्फोट मागायला गेले नव्हते. आपण नेमके कुठे उभे आहोत, ते समजून घ्यायचं होतं. बाईंनी सांगितलेलं प्रत्येक बाईला आणि पुरुषालाही ठाऊक असावं. हिंदू विवाह कायद्यात न्यायालयाकडून मिळणारा 'न्यायिक विभक्तपणा' आहे, पण आपण तोंडी ठरवून वेगळं राहतो त्याला तसा काही दर्जा नाही. दिवस मात्र मोजले जातात. एक वर्ष वेगळं राहिलं की परस्पर संमतीने घटस्फोट मागता येतो. सबळ कारण नसताना आणि दुसऱ्याच्या इच्छेविरुद्ध सलग दोन वर्षं सोडून गेल्यास 'त्याग' हे घटस्फोटाचं कारण ठरू शकतं. आणि फौजदारी प्रक्रिया संहितेतलं पोटगीचं जुनं कलम 125, म्हणजे आता 1 जुलै 2024 पासूनच्या नव्या संहितेतलं कलम 144, स्पष्ट म्हणतं की नवरा-बायको परस्पर संमतीने वेगळे राहत असतील तर बायकोला त्या कलमाखाली पोटगी मागता येत नाही. मुलाचा हक्क राहतोच. म्हणून निघण्याआधीच, महिन्याला किती रक्कम कोण देणार, हे ठरवून साध्या कागदावर लिहून सह्या करा.

त्यांनी एक जुना खटलाही सांगितला. मुंबईची एक सून 1947 साली जळगावला माहेरी गेली. पुढे माहेरच्यांनी तिला परत पाठवायची तयारी कळवली, तेव्हा नवऱ्याने तार केली, पाठवू नका. काही वर्षांनी त्यानेच, बायको मला सोडून गेली म्हणून, घटस्फोट मागितला. सर्वोच्च न्यायालयाने 1956 मध्ये तो नाकारला: नुसतं वेगळं राहणं म्हणजे त्याग नव्हे, कायमचं सोडण्याचा हेतू दिसला पाहिजे. मी घरी येऊन विचार करत बसले. आमच्या दोघांचाही तसा हेतू नव्हता, आणि दोघांनीही ते एकमेकांना कळवलं नव्हतं.

त्या रात्री मी फोन केला. दादाला न विचारता. "नागोठण्याला येता का रविवारी?" नागोठणे ना त्यांचं, ना माझं. स्टेशनवरच्या बाकावर आम्ही तासभर बसलो, पहिला अर्धा तास नुसतेच. मग दर दुसऱ्या रविवारी भेटायचं ठरवलं. आधी हिशेब, मग मुलगा, आणि सासऱ्यांसमोरचं माझं ते वाक्य अगदी शेवटी. मे महिन्यात मी परत आले. सासऱ्यांच्या पाया पडले तेव्हा ते काही बोलले नाहीत, फक्त मुलाला म्हणाले, "आईची बॅग आत ने."

ज्या घरात हात उचलला जातो, तिथल्या बाईने यातलं काहीच मनावर घेऊ नये. तिने तारीख ठरवत बसू नये, आधी सुखरूप जागी जावं. 181 हा महिलांसाठीचा मदत क्रमांक आहे. घरगुती हिंसेविरुद्धच्या 2005 च्या कायद्याने संरक्षण अधिकारी नेमलेले आहेत, आणि बाईला, तिची मिळकत कितीही असो, विधी सेवा समितीकडून वकील मोफत मिळतो. तिला परत पाठवण्याची घाई करणारे नातेवाईक दूर ठेवावेत, सख्खे असले तरी.

बाकीच्यांना, ज्यांचं माझ्यासारखं आहे, त्यांना मी कॅलेंडर घेऊन बसायला सांगते. सहा आठवडे, फार तर तीन महिने. शेवटच्या दिवसावर दोघांच्या हाताने खूण करा. त्या दिवशी नांदायचं ठरेल किंवा मोडायचं ठरेल, पण भेटायचं नक्की. मधल्या काळात फोन थेट एकमेकांना करा. मुलाला दोघांनी एकत्र बसून सांगा, आणि त्यात तुझी चूक नाही हे शब्द उच्चारून सांगा. ते त्याला आपोआप कळत नाही.

आमचा मुलगा आता मोठा झालाय. तरी मी कासूला निघाले की तो दप्तर भरायला घेतो, चार दिवसांसाठीही. पुस्तकं, पट्टी, प्रगतिपुस्तक, सगळं. गेल्या गौरींना निघताना मी भिंतीवरच्या कॅलेंडरवर परतीच्या तारखेला गोल केला. ह्यांनी त्यावर आणखी एक केला. तो दारात उभा राहून बघत होता. मग त्याने दप्तर खुंटीला अडकवलं आणि चपला घातल्या.