दलममधलं पोर घरी येतं तेव्हा

अगं, बालकल्याण समितीने पोरगा तुझ्या हाती दिला, म्हणून नक्षल्यांचं दलम गडचिरोलीच्या जंगलातच राहिलं असं समजू नकोस. ते त्याच्यासोबत येणारच. आधी एवढंच विचार, ‘तुला कोणत्या नावाने हाक मारू?’ तिकडे नवं नाव देतात. घरचं नाव त्याला लगेच आपलं वाटेलच असं नाही.

झोपेतून उठवताना अंगाला हात लावू नकोस. दारातूनच हाक मार. पहाऱ्याची पाळी केलेलं पोर आहे.

एक दिवस तो म्हणेल, ‘खबऱ्याला मारायलाच पाहिजे.’ तुला घाम फुटेल. तरी भाषण नको. भाषणं त्याने पुष्कळ ऐकलीत, आणि तुझ्यापेक्षा चांगली. ‘ज्याला मारलं त्याच्या घरी कोण होतं?’ एवढं विचार आणि तांदूळ निवडत राहा. उत्तर महिन्यांनी आलं तरी चालेल. दलममधल्या त्याच्या दादांना शिव्याही देऊ नकोस. त्याची बहीण अजून तिकडे असेल, तुला काय ठाऊक?

त्याच्या रागात जे खरं आहे ते खरं म्हण. तेंदूपत्त्यात ठेकेदार लुबाडत होते, हे कोण नाकारेल? 70 पानांचा एक पुडा. मजुरीचा हिशेब त्यालाच मांडू दे. मग त्याला धानोरा तालुक्यातल्या मेंढा (लेखा) गावी घेऊन जा. तिथल्या ग्रामसभेने 2009 मध्ये जंगलावरचा सामूहिक हक्क मिळवला, 2011 मध्ये बांबूच्या वाहतूक परवान्याचं पुस्तकही आपल्या हातात घेतलं. बंदूक न उचलता. सभेत त्याला मागे बसव, कोणी टक लावून बघायला नको. निर्णय सर्वसहमतीने होतो, म्हणून वेळ लागतो. तो कंटाळेल, नाक मुरडेल. मुरडू दे. पुढच्या वेळी पुन्हा ने.

28 जुलै ते 3 ऑगस्ट नक्षल्यांचा शहीद सप्ताह. त्या दिवसांत तो गप्प होईल, ताटावरून उठेल. मेलेल्या मित्राचं नाव काढलं तर ऐकून घे, मध्ये बोलू नकोस.

आणि हो, सत्कार करणारे येतील, फोटो मागतील. बाल न्याय कायद्याच्या 74 कलमाने मुलाची ओळख उघड करता येत नाही, हे त्यांना दारातच सांग. त्याला मात्र 83 कलम समजावून सांग: अशा संघटनेने मुलांना वापरलं तर सात वर्षांपर्यंत सक्तमजुरी आणि पाच लाख दंड. गुन्हेगार आपणच, असं त्याच्या मनात बसलेलं असतं. तो विचारेल, ‘मग माझ्या दादाला धरतील का?’ माहीत नसेल तर माहीत नाही म्हण.